मास्तरांचा दुसरा ब्रेक

मास्तरांनी आयुष्यात कधी खडू हातात धरला नाही, पण सगळं शहर त्यांना मास्तर म्हणायचं. ते गाडी शिकवायचे. एकतीस वर्षं ड्रायव्हिंग स्कूलच्या बुटक्या पांढऱ्या गाडीत शेजारच्या सीटवर बसून त्यांनी बँकवाल्यांना, नर्सबाईंना, सासवांना, सुनांना, दोन वकिलांना आणि एका बहिऱ्या शिंप्याला क्लच सोडायला शिकवलं. "हळू सोडा. हळू सोडा. अहो, हळू सोडा म्हणतोय ना!" हे ते दिवसातून इतक्यांदा म्हणायचे की पाठीमागे त्यांना हळूसोडा मास्तर असंच नाव पडलं होतं. तोंडावर म्हणायची कोणाची टाप नव्हती. मास्तरांचा राग नाकाच्या शेंड्यावर, आणि नाकही काही लहान नव्हतं. शिंपी तेवढा पहिल्या फटक्यात पास झाला, कारण मास्तरांचं ओरडणं त्याला ऐकूच येत नव्हतं.

त्या पांढऱ्या गाडीला शिकवणाऱ्याच्या पायाशीही एक ब्रेक होता. शिकणारा गडबडला की मास्तर तो दाबायचे. त्या दुसऱ्या ब्रेकनं किती कुत्री, किती सायकलवाले आणि किती संसार वाचवले याची गणती नाही. पण सवय अशी जडली की मास्तर बसमध्ये बसले तरी उजवा पाय दाबायचे, भाच्याच्या गाडीत बसले तरी दाबायचे, आणि टीव्हीवर गाड्यांचा पाठलाग लागला की घरच्या सोफ्यावर बसूनसुद्धा दाबायचे. सोफ्यासमोरचा गालिचा नेमका तेवढ्याच जागी विरला होता.

त्यांची बायको रक्त तपासायच्या लॅबमध्ये रक्त काढायच्या कामावर होती. लोक तिला मास्तरीणबाई म्हणायचे आणि त्याचा तिला मनस्वी राग. "मी काय यांच्या ओरडण्यावर जगते का? मी माझ्या सुईवर जगते," असं ती म्हणायची. (त्या नको म्हणाल्या तरी आपणही त्यांना मास्तरीणबाईच म्हणू, दुसरं नाव कोणाच्या तोंडी बसलेलंच नाही.) हात असा हलका की सुई कधी शिरली हे माणसाला कळायचं नाही. लेकरांना कडेवर घेतलेल्या आया दुसरी खिडकी मोकळी असली तरी यांच्याच खिडकीशी ताटकळत उभ्या राहायच्या.

आता इतक्या स्थिर हाताच्या बाईला गाडी शिकवणं म्हणजे मास्तरांच्या डाव्या हातचा मळ, नाही का? छे! नाव नका काढू. बावीस वर्षांपूर्वी मास्तरांनी त्यांना एकदाच शिकवायला नेलं होतं. घरापासून पाण्याच्या टाकीच्या चौकापर्यंत मास्तरांनी अकरा वेळा ब्रेक दाबला. अकराव्या वेळी मास्तरीणबाईंनी भर चौकात गाडी बंद केली, किल्ली काढून नवऱ्याच्या मांडीवर ठेवली, "सगळं तुम्हीच करणार तर मी कशाला?" म्हणाल्या, आणि दार आपटून चालत घरी आल्या. मागे गाड्यांची ही रांग, सगळ्यांचे भोंगे, आणि मास्तर शेजारच्या सीटवर मांडीवर किल्ली घेऊन बसलेले. त्या दिवशी बाईंनी कानाला खडा लावला की या माणसाला शेजारी बसवून स्टीअरिंगला हात लावायचा नाही. पुढे संसार झकास झाला, एकुलती एक लेक शिकून तीन तासांवरच्या डोंगरातल्या शहरात नोकरीला लागली, पण हा विषय घरात पुन्हा कोणी काढला नाही.

गंमत बघा, मास्तरांची सगळी हयात गाडीत गेली, पण स्टीअरिंग कायम दुसऱ्याच्या हातात. म्हणून निवृत्त झाल्यावर त्यांनी ठरवलं की आता आपली गाडी घ्यायची, आणि घ्यायची तर दमदार घ्यायची. नवी झेपणारी नव्हती. जुनी शोधता शोधता एका दातांच्या डॉक्टरीणबाईंची गाडी हाती लागली. गडद निळी, चार दारांची, मागे तिघं ऐसपैस बसतील, डिकीत दोन ट्रंका मावतील अशी अगदी घरगुती. पण बांधा बसका, इंजिन टर्बो, स्टीअरिंगवर लाल दोऱ्याची शिवण, आणि गिअरच्या दांड्याशेजारी 'एस' लिहिलेलं एक बटण. ते दाबलं की गाडीच्या अंगात येतं, असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

लोक जुनी गाडी घेताना बॉनेट उघडून इंजिनात तोंड खुपसतात. मास्तरांनी दार उघडलं, जमिनीवर गुडघे टेकले आणि क्लच, ब्रेक, अॅक्सिलरेटर, तिन्ही पेडलांचं रबर बोटानं चाचपून बघितलं.

"क्लचवर पाय ठेवून चालवत नाही तुम्ही, हे चांगलं आहे," ते म्हणाले. "ब्रेकचं रबर एका कडेनं झिजलंय. उंच टाचेची चप्पल घालून चालवता. ते सोडा. पण जनावर नीट सांभाळलंत."

रोज दुसऱ्यांच्या तोंडात बोटं घालणाऱ्या डॉक्टरीणबाईंनी त्या दिवशी स्वतःच्या तोंडात बोट घातलं. सौदा फार ताणावा लागला नाही.

गाडी दारात आली तेव्हा मास्तरीणबाईंनी तिच्याभोवती एक चक्कर मारली, आत डोकावल्या, आणि बटणावर बोट ठेवून विचारलं, "हे एस म्हणजे काय हो?"

"स्पोर्ट."

"अगंबाई, मला वाटलं सावकाश."

आणि मास्तर गाडी चालवायचे ते बघता बाईंचंच खरं होतं. एकतीस वर्षं दुसऱ्यांना वेग आवर म्हणून सांगणारा माणूस, त्याचा पाय खाली जाणार कसा? फक्त एकदा, शहराबाहेरच्या सरळ रिकाम्या रस्त्यावर, त्यांनी इकडे तिकडे बघून ते बटण दाबलं. गाडीनं अशी उसळी घेतली की मागच्या सीटवरची संत्र्यांची पिशवी फाटून संत्री गाडीभर झाली. मास्तर घाबरले. मास्तरीणबाई पोट धरून हसल्या, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या, आणि म्हणाल्या, "अहो, पुन्हा दाबा!" मास्तरांनी पुन्हा काही दाबलं नाही, पण ते हसणं त्यांनी मनात जपून ठेवलं.

मग सुरू झाले गाडीचे लाड. मास्तरांचा गॅरेजवाला होता बारातेरा. कुठलीही दुरुस्ती तो बारा-तेराच्या पान्यानंच सुरू करायचा, म्हणून हे नाव. त्याच्या गॅरेजात पत्र्याच्या छपराखाली एक मोडकं बाकडं होतं, तेच मास्तरांची गादी झालं. आधी टायर रुंद आले. मग ब्रेकच्या तबकड्या मोठ्या आल्या, "पळणारी गाडी कोणीही घेईल, थांबणारी हवी," असं मास्तरांचं म्हणणं. मग हेडलाइट बदलले. मग चारी शॉक अॅब्सॉर्बर नवे बसवले, तेही बारातेराशी तीन दिवस हुज्जत घालून, कारण मास्तरांना गाडी वळणावर कलायला नको होती आणि खड्ड्यात बाईंची कंबरही दुखायला नको होती. दोन्ही एकदम कसं होणार, यावर बारातेरानं डोकं धरलं, पण केलं.

"गाडीचे गुडघे बदलून झाले," मास्तरीणबाई म्हणाल्या. "माझे दुखतायत, त्यांचा नंबर कधी लागायचा?" दुसऱ्या दिवशी सकाळी मास्तर त्यांना त्याच नव्या गुडघ्यांवरून हाडांच्या डॉक्टरकडे घेऊन गेले. ओरडणारा असेल माणूस, पण असा होता.

दोन वर्षं मास्तर राजासारखे हिंडले. महिन्यातून एकदा लेकीकडे, घाट चढून, घाट उतरून. मग गाडीच्या डाव्या अंगाला ओरखडे यायला लागले. पहिला आला तेव्हा मास्तरांनी फाटकाला दोष दिला. दुसरा आला तेव्हा फाटक बांधणाऱ्या गवंड्याला. तिसऱ्यांदा आरसाच तुटला, तेव्हा मास्तरीणबाई त्यांना थेट डोळ्यांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेल्या.

डॉक्टर मास्तरांचेच जुने विद्यार्थी निघाले. त्यांनी मास्तरांना वाडग्यासारख्या एका पांढऱ्या यंत्रात हनुवटी टेकवून बसवलं, हातात बटण दिलं, आणि सांगितलं, बारीक दिवा चमकला की दाबायचं. मास्तर टकाटक दाबत सुटले. यंत्रानं ती चाचणीच रद्द केली.

"मास्तर, दिवा दिसला तरच दाबायचं."

"दिसेपर्यंत थांबलो तर उशीर होईल ना!"

डॉक्टरांना हसू आलं, पण दुसऱ्या चाचणीचा कागद हातात आल्यावर ते हसू गेलं. त्यावर दोन्ही डोळ्यांच्या कडांना काळं होतं. काचबिंदू. समोरचं स्वच्छ दिसत होतं, कडेचं कधीच गेलं होतं, आणि मास्तरांना पत्ताही नव्हता. औषधानं उरलेलं टिकेल, गेलेलं परत यायचं नाही.

"मास्तर, गाडी चालवणं आता बंद," डॉक्टर खाली बघत म्हणाले. "तुम्हीच मला शिकवलंत, धोका कडेनं येतो."

मास्तर ओरडले नाहीत. तेवढ्यावरूनच मास्तरीणबाईंच्या काळजात चर्र झालं. बारातेरा येऊन गाडी घरी घेऊन गेला आणि हे दोघं मागून बसनं आले. जेवताना मास्तर म्हणाले, "उभ्या गाडीला गंज चढतो. विकून टाकू," आणि ताटावरून उठले. जेवण तसंच पडलं होतं.

"दोन महिने थांबा," मास्तरीणबाई म्हणाल्या. "एवढी काय घाई आहे?"

दोन महिने पुरते झालेही नव्हते. एका सकाळी मास्तरांच्या चहाच्या कपाशेजारी एक कार्ड येऊन पडलं. लायसन्स होतं. फोटोत मास्तरीणबाई, रोजच्यापेक्षा जास्तच गंभीर. सहा आठवडे त्या लॅबच्या आधी तासभर लवकर घराबाहेर पडत होत्या. त्यांना शिकवलं ते जुन्या स्कूलमध्ये आता मास्तरांच्या जागी बसणाऱ्या मुलीनं, आणि तिला बाईंनी एकच अट घातली होती. यांच्या कानावर जाता कामा नये.

मास्तरांनी ते कार्ड उलटं केलं, सुलटं केलं, पुन्हा उलटं केलं. "पहिल्याच खेपेला?" त्यांनी विचारलं.

"पहिल्याच."

मास्तरांचा ऊर भरून आला. या वयात, दुखऱ्या गुडघ्यांनी, कोणासाठी शिकली ही? आपल्यासाठीच ना! पण खरं सांगायचं तर माणूस भ्याला होता. गाडीचं काही नाही, गाडीला बारातेरा आहे. पण कडेनं काही आलं आणि हिला दिसलं नाही तर? आपल्याला तर दिसणारच नाही. हिला काही झालं तर पुढे काय करायचं, हा विचार काही त्यांच्या डोक्यातून जाईना. मग त्यांनी काय करावं? सरळ बायकोला सांगावं की मला भीती वाटते. पण ते मास्तर होते. ते उठले आणि बारातेराकडे गेले.

"शेजारच्या सीटपाशी ब्रेक बसव," त्यांनी सांगितलं. "स्कूलच्या गाडीसारखा. आणि वर जाड पायपुसणं टाक. दिसायला नको."

"मास्तर, वहिनींना माहीत आहे का?"

"तू पाना चालव. तोंड नको चालवूस."

बारातेरानं मान हलवली आणि ब्रेक बसवला. गाडीला आजवर केलेल्या सगळ्या सुधारणांत एवढीच एक मास्तरांनी चोरून केली.

रविवारी सकाळी दोघं निघाले. मास्तरीणबाईंनी सीट पुढे ओढली, आरसे नीट केले, आणि मास्तरांकडे बघून म्हणाल्या, "बावीस वर्षांपूर्वी मी एक शपथ घेतली होती. आज मोडतेय. लक्षात असू द्या."

आणि काय चालवली हो त्यांनी गाडी! क्लच असा सुटला की कळलंही नाही. मास्तर गुपचूप बसले होते. जिभेवर आलेलं सतरा वेळा गिळलं. एकदाही ब्रेक दाबला नाही. टाकीच्या चौकात बाई वळणासाठी हळू झाल्या. डावीकडून एक सायकलवाला येत होता. मास्तरीणबाईंना तो केव्हाचा दिसत होता, त्याला पुढे जाऊ द्यायला त्यांनी आधीच वेग कमी केला होता. मास्तरांना मात्र तो जमिनीतून उगवावा तसा एकाएकी काचेसमोर दिसला, आणि एकतीस वर्षांचा पाय खाडकन खाली गेला.

मोठ्या तबकड्यांचे ते ब्रेक. गाडी जागच्या जागी खिळली. मागून येणाऱ्या पाववाल्याच्या व्हॅनला खिळता आलं नाही. धाडकन आवाज झाला, डिकी चेपली, मागचा दिवा फुटला, आणि व्हॅनमधले पाव रस्ताभर झाले. सायकलवाला मजेत शीळ घालत निघून गेला.

पाववाला हातवारे करत आला. "काय बाई! असा ब्रेक मारतात?"

"मी मारलाच नाही!" मास्तरीणबाई म्हणाल्या.

"मग काय भुतानं मारला?" चौकातली चार माणसं हसली. पाववालाही हसला.

मास्तरीणबाईंचा चेहरा लाल झाला. आपलंच चुकलं का, पाय आपोआप गेला का, म्हणून त्यांनी खाली स्वतःच्या पायांकडे बघितलं. मग नवऱ्याच्या पायांकडे. पायपुसणं सरकलं होतं, आणि त्याखालून नवं कोरं काळं पेडल दिसत होतं. मास्तरांचा बूट अजून त्याच्यावरच होता.

त्यांनी आरडाओरडा केला नाही. पाववाल्याला एवढंच सांगितलं की चूक आमची, भरून देऊ. गाडी बाजूला घेतली, अगदी नीट, इंडिकेटर देऊन. किल्ली काढली, डॅशबोर्डवर ठेवली, आणि चालत घरी गेल्या.

"विकून टाका," संध्याकाळी त्या म्हणाल्या. लायसन्स त्यांनी जुन्या पावत्यांच्या खणात टाकलं होतं. "ती पण, आणि माझी हौस पण. लोकांसमोर मला खोटं पाडलंत तुम्ही. माझा माझ्या पायावरचा विश्वास उडाला होता, त्या दोन मिनिटांत. कळतंय का?"

मास्तरांना कळत होतं. त्याचाच तर त्रास होता. इतके दिवस आपण ज्यांच्या ज्यांच्या शेजारी बसून ब्रेक दाबला, त्यांना प्रत्येकाला असंच वाटलं असेल का, असा विचार त्यांच्या डोक्यात पहिल्यांदाच आला, आणि आल्यावर काही केल्या जाईना.

पुढचे सहा दिवस घरात 'जेवण झालंय', 'दूध संपलंय' एवढंच बोलणं. बारातेरानं डिकीचा चेप काढला आणि एक गिऱ्हाईकही आणलं, सोमवारी गाडी बघायला येणारं. लेकीचा फोन आला, "या महिन्यात आला नाहीत?" तर दोघांनी वेगवेगळी कारणं सांगितली. गाडी गेली की लेकीकडची खेप बसवर येणार, घाटातल्या त्या बसमध्ये बाईंच्या गुडघ्यांचं काय होणार, हे दोघांनाही ठाऊक होतं. पण त्याहून मोठी गोष्ट अशी की बायको आपल्या शेजारी पुन्हा कधीच हसत बसणार नाही, या भीतीनं मास्तर आतून पोखरले जात होते.

शनिवारी ते गॅरेजात गेले. "तो ब्रेक काढायचाय. मी काढणार."

"मास्तर, अहो, डॅशबोर्डखाली उलटं झोपावं लागतं. मी दहा मिनिटांत काढतो."

"मी म्हटलं ना!"

सकाळपासून दुपारपर्यंत मास्तर उताणे होऊन, पाय सीटवर टाकून, डोकं खाली घालून पडले होते. टॉर्च धरला की पाना दिसायचा नाही, पाना दिसला की नट सापडायचा नाही. जे दिसत नव्हतं ते बोटांनी चाचपत, दोन ठिकाणी हात सोलवटून त्यांनी शेवटचा नट काढला. बारातेरा बाकड्यावर बसून बघत होता. त्यानं मदत केली नाही, हे त्याचं शहाणपण.

घरी आल्यावर मास्तरांनी ते पेडल, दांड्यासकट, वर्तमानपत्रात गुंडाळलेलं, स्वयंपाकघराच्या टेबलावर ठेवलं. "चुकलो," ते म्हणाले.

मास्तरीणबाई भाजी चिरत होत्या. "कोणाला म्हणताय? मला की गाडीला?"

"तुला. मला भीती वाटली गं. तुझं काही झालं असतं तर... मला कडेचं दिसत नाही. मला वाटलं, निदान पाय तरी कामाला येईल."

लग्नाला इतकी वर्षं झाली, पण भीती वाटली हे शब्द या माणसाच्या तोंडून बाईंनी कधी ऐकले नव्हते. त्यांनी सुरी खाली ठेवली. सोललेल्या हातांकडे बघितलं, कापूस आणि औषध आणलं, आणि पुसता पुसता म्हणाल्या, "ब्रेक काढलात, ते ठीक. पाय कुठे काढून ठेवणार?"

"मागे बसतो," ते म्हणाले.

"नको. मागून मानेवर सुस्कारे सोडाल. पुढेच बसा." बाईंनी बोटाला पट्टी गुंडाळली. "उद्या लेकीकडे जाऊ. जमलं तर सोमवारच्या माणसाला नाही म्हणून सांगा. नाही जमलं तर किल्ली त्याला देऊन टाका, मी पुन्हा चकार शब्द काढणार नाही."

सकाळी निघाले. पहिला तासभर मास्तरांची पाचावर धारण बसली होती. समोर ट्रक आला की पाय पायपुसण्यावर दाबला जायचा, आणि खाली काहीच नसायचं. दार धरलेला हात घट्ट, दात घट्ट, मान ताठ. बाईंना ते सगळं दिसत होतं. घाट सुरू झाला. पहिल्याच वळणावर त्यांनी रस्त्यावरची नजर न काढता विचारलं, "काल रात्री काय जेवलात?"

"काय जेवलो म्हणजे? तूच तर वाढलंस."

"सांगा तरी. आणि झोप लागली का नीट?"

"कसली झोप! डास होते."

"खिडकी उघडी होती का?"

"उघडीच होती, तूच..."

"बरं. आता मूठ सोडा."

मास्तरांनी खाली बघितलं. मांडीवरचा दुसरा हात त्यांनी मूठ वळून पांढरा करून ठेवला होता. तो सोडला. आवाज बायकोचाच होता, पण घरातला नव्हता. हा लॅबमधला आवाज असणार. मास्तरांनी तो कधी ऐकला नव्हता, कारण रक्त द्यायला ते मुद्दाम दुसऱ्या लॅबमध्ये जायचे, बायकोसमोर घाबरायला नको म्हणून. खिडकीशी त्या आया का ताटकळत उभ्या राहायच्या हे त्यांना आत्ता कळलं. एवढ्यात वळण संपलंही होतं. गाडी कललीसुद्धा नव्हती.

"झालं," मास्तरीणबाई म्हणाल्या. "आता पुढचं. लेकीला काय काय सांगायचंय, बोला."

मास्तर बोलत राहिले. काचेतून ऊन मांडीवर येत होतं, रुंद टायरांचा एकसारखा आवाज येत होता, गिअर बदलल्याचा धक्का म्हणून जाणवत नव्हता. ते बोलत होते ते त्यांना आठवतं. गवंड्याबद्दल काहीतरी होतं. त्यानंतरचं आठवत नाही.

जाग आली ती शांततेनं. इंजिन बंद होतं. समोर लेकीच्या इमारतीची पिवळी भिंत. मास्तरीणबाई स्टीअरिंगवर हात ठेवून बसल्या होत्या, उतरायची तयारी नाही, काही नाही.

"आलो?"

"मघाशीच. अर्धा तास झाला असेल."

"आणि घाट?"

"आला आणि गेला. दोन ट्रक ओलांडले. वर धुकं होतं."

मास्तर बायकोकडे बघत राहिले. शेजारच्या सीटवर बसून, चालत्या गाडीत, घाटात, धुक्यात. त्यांना स्वतःचंच खरं वाटेना. मग दार उघडून ते उतरले, पिशव्या विसरले, चष्मा गाडीतच राहिला, आणि कठड्याला धरून तडातडा जिना चढत सुटले. पहिल्या मजल्यावर कोणी अनोळखी गृहस्थ कुलूप लावत उभे होते, त्यांना थांबवून मास्तर म्हणाले, "अहो, मी झोपलो होतो! बायको चालवत होती, आणि मी झोपलो!" गृहस्थांनी बरं बरं म्हणत वाट दिली. वर लेकीनं दार उघडलं तर तिलाही तेच. "अगं, झोपलो मी! घाटात! चांगला घोरत असेन! विचार तुझ्या आईला!"

लेक घाबरून खाली धावली. आई पहिल्याच पायरीवर बसली होती, शेजारी पिशव्या, पदरानं डोळे पुसत.

"आई, काय झालं? बाबा बरे आहेत ना?"

"बरे आहेत गं," मास्तरीणबाई म्हणाल्या, आणि वरच्या मजल्यावरून तो आवाज अजून येतच होता. "झोपले होते."